रिलीजच्या रात्री बाराला गेम सुरू व्हायचा असेल, तर आधीचे ४८ तास कसे वापरायचे

विट्याहून आलेला प्रश्न थोडक्यात असा: घरी पीएस५ स्लिम आहे आणि गावातल्या केबलवाल्याचं ४० एमबीपीएसचं फायबर आहे. पुढच्या महिन्यात येणारा गेम १२० जीबीच्या आसपास असेल असं कळलंय आणि त्याचं प्रीलोड, म्हणजे आगाऊ डाउनलोड, दोन दिवस आधी उघडणार आहे. लाइट दिवसातून एक-दोनदा जातेच. मग मध्यरात्री बाराला खेळता येईल का? प्रीऑर्डर आत्ताच करून ठेवावी का? आणि जतला मावसभाऊ आहे, त्याच्याकडे एक्सबॉक्स सीरिज एस आहे पण नेट मोबाइलचंच, त्याने काय करावं?

खेळता येईल. ४० एमबीपीएस या कामाला पुरतं. रिलीजच्या रात्री ज्यांची फजिती होते, त्यातल्या बहुतेकांचं नेट हळू नसतं. डाउनलोड मध्येच थांबलेलं असतं आणि ते कुणाच्या लक्षात आलेलं नसतं. म्हणून वेग किती यापेक्षा आपल्याला किती तास लागणार आणि ते तास कुठे वाया जाऊ शकतात, याचा विचार आधी करा.

हिशेब सोपा आहे. गेमचे जीबी भागिले तुमचे एमबीपीएस, आणि येईल त्याला पावणेतीनने गुणा. उत्तर तासांत येतं. १२० भागिले ४० म्हणजे ३, गुणिले पावणेतीन म्हणजे सव्वाआठ तास. कागदावरचा शुद्ध हिशेब ६ तास ४० मिनिटं असा येतो, पण वायफायची गळती, संध्याकाळची गर्दी आणि सर्व्हरचा मूड धरून पावणेतीनचा आकडा प्रत्यक्षाच्या जवळ जातो. हाच गेम १०० एमबीपीएसवर सव्वातीन तासांत येईल. कन्सोल आतल्या खोलीत आहे, मध्ये दोन भिंती आहेत आणि कन्सोलपर्यंत जेमतेम १५ एमबीपीएस पोहोचतायत, अशी स्थिती असेल तर मात्र २२ तास धरा. म्हणजे तेही ४८ तासांत बसतं, पण मग एखादी रात्र वाया गेली तर गणित बिघडतं.

प्रीलोड म्हणजे नक्की काय होतं हे समजलं की पुढची बरीच कोडी सुटतात. तुमच्या कन्सोलवर रिलीजच्या आधी जवळजवळ पूर्ण गेम उतरतो, पण कुलूपबंद अवस्थेत. फाइली सांकेतिक स्वरूपात असतात आणि त्या उघडायचा परवाना तुमच्या अकाउंटला रिलीजच्या क्षणी लागू होतो. ही पद्धत पीसीवर आधीपासून होती. हाफ-लाइफ २ हा गेम १६ नोव्हेंबर २००४ ला आला, पण स्टीमवर तो काही महिने आधीपासून लोकांच्या मशिनवर उतरत होता. पीसीवर अशा गेमच्या फाइली उलगडायलाच कधीकधी बराच वेळ लागतो. कन्सोलमध्ये ते काम हार्डवेअर चालता चालता करतं, त्यामुळे कुलूप निघालं की गेम लगेच सुरू होतो. रिलीजची वेळ झाली की नाही हे कन्सोल कंपनीच्या सर्व्हरला विचारून ठरवतो. कन्सोलचं घड्याळ पुढे करून काही मिळत नाही. आणि म्हणूनच त्या क्षणाला नेट हवंच, भले काही एमबीपुरतं का असेना.

आता जागा. सगळ्यात जास्त डाउनलोड इथे अडतात, म्हणून यावर जरा थांबतो. पीएस५ च्या पहिल्या मॉडेलमध्ये ८२५ जीबीची एसएसडी (आतली साठवण) होती आणि त्यातली ६६७ जीबीच्या आसपास वापरायला मिळते. तुमच्या स्लिममध्ये १ टीबी आहे, वापरायला साधारण ८४८ जीबी. १२० जीबीच्या गेमसाठी १२० मोकळे ठेवून भागत नाही. रिलीजच्या आदल्या दिवशी किंवा त्याच दिवशी पहिला पॅच, म्हणजे गेममध्ये दुरुस्त्या करणारी फाइल, येतो आणि तो लावताना कन्सोलला हात हलवायला जागा लागते. १५० ते १६० जीबी मोकळे ठेवा. पीएस४ वर हा प्रश्न आणखी अवघड होता, कारण तिथे पॅच लावताना गेमची नवी प्रत तयार व्हायची आणि पॅच लहान असला तरी जवळजवळ गेमच्या आकाराएवढी जागा मागायची. पीएस४ अजून वापरात असेल तर गेमच्या दुप्पट जागा धरूनच चाला.

जागा करताना गेम पुसायच्या आधी यूएसबी हार्ड डिस्कचा विचार करा. २५० जीबी ते ८ टीबीची यूएसबी डिस्क पीएस५ ला एक्स्टेंडेड स्टोरेज म्हणून जोडता येते. पीएस४ चे गेम तिच्यावरून थेट चालतात, ते सगळे तिकडे हलवा. पीएस५ चे गेम तिच्यावर ठेवता येतात, खेळता येत नाहीत. खेळायचे तेव्हा परत आत आणायचे. ही ने-आण नव्याने डाउनलोड करण्यापेक्षा किती तरी लवकर होते. डिस्क पहिल्यांदा जोडताना फॉरमॅट होते, तेव्हा लग्नाचे फोटो असलेली डिस्क लावू नका. कायमचा उपाय हवा असेल तर आतल्या स्लॉटमध्ये एम.२ एसएसडी बसवा: पीसीआयई चौथी पिढी, वाचनाचा वेग सेकंदाला ५,५०० एमबी किंवा जास्त, आणि हीटसिंक (उष्णता बाहेर टाकणारी धातूची पट्टी) असलेलीच. हीटसिंक नसलेली स्वस्त मिळते म्हणून घेऊ नका, आपल्याकडच्या एप्रिल-मेमध्ये ती तापून हळू होते. बसवल्यावर सेटिंग्जमध्ये स्टोरेज, त्यात इन्स्टॉलेशन लोकेशन इथे जाऊन पीएस५ गेम नव्या एसएसडीवर जातील असं निवडा. हे राहिलं तर नवी एसएसडी रिकामी आणि जुनी जागा भरलेली, आणि डाउनलोड अडकलेलं, असा प्रकार होतो.

प्रीऑर्डर कधी करायची? माझं मत स्पष्ट आहे: प्रीलोडसाठी महिनाभर आधी पैसे अडकवायची काही गरज नाही. सहा महिने आधी घेणाऱ्याला आणि प्रीलोड उघडण्याच्या तासभर आधी घेणाऱ्याला तीच फाइल त्याच वेळी मिळते. उशिरा घेतल्याने एक फायदा होतो. बऱ्याच गेमची परीक्षणं रिलीजच्या काही दिवस आधी येतात, ती वाचून ठरवता येतं. सायबरपंक २०७७ या गेमची तारीख २०२० मध्ये एप्रिलपासून सरकत सरकत १० डिसेंबरवर गेली, आणि आल्यावर जुन्या कन्सोलवर त्याची अवस्था इतकी वाईट होती की सोनीने १८ डिसेंबरला तो आपल्या दुकानातून काढून लोकांचे पैसे परत केले. तो परत आला २१ जून २०२१ ला. अशी परतफेड अपवादानेच होते. एरवी प्लेस्टेशनच्या नियमात मुख्य मुद्दा हा की डाउनलोड सुरू झालं की परताव्याचा हक्क जवळपास संपतो, आणि ऑटो-डाउनलोड चालू असेल तर प्रीलोड आपोआप सुरू होतं. म्हणून गेम ठेवायचा की नाही याबद्दल मन डळमळत असेल, तर प्रीलोडच्या आधीच ऑर्डर रद्द करा. निन्टेन्डोवर रद्द करण्याची मुदत रिलीजच्या सात दिवस आधी संपते.

पैसे भरताना आणखी एक गोष्ट अडते. रिझर्व्ह बँकेच्या २०२० च्या नियमांनंतर नव्या कार्डावर परदेशी आणि ऑनलाइन व्यवहार आधी बंद असतात, बँकेच्या ॲपमधून ते आपण चालू करायचे असतात. काही दुकानं ऑर्डरच्या दिवशी पैसे न घेता रिलीजच्या जवळ घेतात. त्या दिवशी कार्डावर असे व्यवहार बंद असले तर पैसे कापले जात नाहीत आणि ऑर्डर मुकाट्याने रद्द होते. ऑर्डरच्या पानावर पैसे कधी कापले जातील ते लिहिलेलं असतं, ते वाचा. सगळ्यात निर्धोक रस्ता म्हणजे त्याच देशाच्या दुकानाचं गिफ्ट कार्ड घेऊन वॉलेटमध्ये आधीच रक्कम भरून ठेवणं.

कन्सोलवरची तयारी प्रीलोडच्या आदल्या दिवशी करून टाका. पीएस५ वर तीन सेटिंग्ज लागतात. पहिलं, सेव्ह्ड डेटा अँड गेम/ॲप सेटिंग्जमध्ये ऑटोमॅटिक अपडेट्स: तिथे ऑटो-डाउनलोड आणि रेस्ट मोडमधलं (कन्सोल झोपलेला, पण पूर्ण बंद नसलेला) ऑटो-इन्स्टॉल, दोन्ही चालू. दुसरं, सिस्टिममध्ये पॉवर सेव्हिंग, त्यात फीचर्स अव्हेलेबल इन रेस्ट मोड: स्टे कनेक्टेड टु द इंटरनेट चालू. तिसरं, युझर्स अँड अकाउंट्समध्ये अदर, त्यात कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले: ज्या अकाउंटने गेम घेतला त्याच्यासाठी ते या कन्सोलवर चालू हवं. हे एका वेळी एकाच पीएस५ वर चालू ठेवता येतं. दोघं भाऊ एकाच कन्सोलवर वेगवेगळ्या अकाउंटने खेळत असाल तर हे विसरू नका, नाहीतर ज्याने पैसे भरले त्याचा गेम उघडेल आणि दुसऱ्याला कुलूप दिसेल. सिस्टिम सॉफ्टवेअरचा अपडेटही आदल्या दिवशीच उरका. काही गेम नवं सॉफ्टवेअर असल्याशिवाय सुरूच होत नाहीत.

प्रीलोडची वेळ झाली की आपोआप सुरू होईल यावर विसंबून राहू नका. गेम लायब्ररी, मग युअर कलेक्शन उघडा आणि गेमच्या खाली डाउनलोडचं बटण आलंय का बघा. आलं असेल तर स्वतः दाबा. बाहेर असाल तर मोबाइलवरच्या प्लेस्टेशन ॲपमधूनही दाबता येतं, फक्त कन्सोल रेस्ट मोडमध्ये हवा, पूर्ण बंद नको.

बटण दाबताना कोणती आवृत्ती उतरतेय ते नीट पाहा. बऱ्याच गेमचं पीएस४ आणि पीएस५ असं एकत्र बंडल विकलं जातं, आणि घाईत पीएस४ ची आवृत्ती उतरते. गेमच्या पानावर तीन टिंबांच्या मेनूत आवृत्ती बदलता येते. ही चूक रात्री बारा वाजता लक्षात आली तर पुन्हा सव्वाआठ तास. मल्टिप्लेअर आणि एकट्याने खेळायची मोहीम वेगवेगळ्या भागांत देणारे गेमही असतात, उदाहरणार्थ कॉल ऑफ ड्यूटी. तिथे मॅनेज गेम कंटेंटमध्ये जाऊन हवा तो भाग उतरलाय याची खात्री करा. गेमच्या टाइलवर (स्क्रीनवरच्या चौकोनी चित्रावर) १०० टक्के दिसतं तेव्हा कधीकधी फक्त मूळ भागच उतरलेला असतो.

नेटबद्दल. जमेल तर कन्सोलला राउटरपासून लॅन केबल लावा, निदान त्या दोन दिवसांपुरती. केबल कॅट ५ई किंवा कॅट ६ घ्या आणि तिच्या दोन्ही टोकांना आठही तारा क्रिम्प केलेल्या आहेत का ते बघा. गावाकडे चार तारांवर काम भागवायची सवय आहे. तशी केबल चालते, पण १०० एमबीपीएसच्या वर जात नाही. तुमच्या ४० ला फरक पडणार नाही. ज्यांनी २०० किंवा ३०० चा प्लॅन घेतलाय त्यांना मात्र वेग कुठे हरवतोय हे कळत नाही आणि ते कंपनीला दोष देत बसतात. वायफायच वापरायचं असेल तर राउटर त्याच खोलीत असताना ५ गिगाहर्ट्झ, आणि मध्ये एकाहून जास्त भिंती असतील तर २.४.

स्पीड टेस्टमध्ये ४० दिसतात आणि गेम मात्र ८ ने उतरतोय, असं संध्याकाळी होतं. स्पीड टेस्टचा सर्व्हर बहुधा जवळ असतो, तर गेमच्या फाइली ज्या साठ्यातून येतात तो मुंबईत असू शकतो किंवा पार सिंगापूरला. छोट्या केबलवाल्याचा बाहेरचा रस्ता अरुंद असतो आणि सात ते अकरा या वेळेत अख्खा तालुका त्याच रस्त्यावर असतो. इथे दोन गोष्टी करून बघा. डाउनलोड थांबवा, अर्ध्या मिनिटाने पुन्हा सुरू करा. नव्याने जोडताना बऱ्याचदा दुसरा सर्व्हर मिळतो. नाहीतर डीएनएस (नावावरून सर्व्हरचा पत्ता सांगणारी सेवा) बदला. डीएनएसमुळे वेग स्वतः वाढत नाही, पण कोणत्या साठ्याकडे पाठवायचं ते त्यावरून ठरतं. आधी केबलवाल्याचाच डीएनएस म्हणजे ऑटोमॅटिक ठेवून बघा, मग गुगलचा ८.८.८.८. ज्याने जास्त वेग मिळेल तो ठेवा. बाकी रात्री साडेबारा ते सकाळी सात ही वेळ सोन्यासारखी आहे. ४८ तासांत अशा दोन रात्री मिळतात, त्या दोन्ही डाउनलोडसाठी राखून ठेवा. डाउनलोड चालू असताना दुसरा गेम खेळू नका, ऑनलाइन तर अजिबात नको. कन्सोल खेळाला प्राधान्य देऊन डाउनलोडचा वेग कमी करतो.

डेटाची मर्यादाही बघा. जिओफायबरला महिन्याची मर्यादा ३,३०० जीबी आहे, तिथे १२० जीबी काहीच नाही. एअरफायबरला १,००० जीबी असते आणि घरात दोन टीव्हींवर ओटीटी चालू असेल तर महिन्याच्या शेवटी ती काठावर येते. मर्यादा संपल्यावर वेग इतका पडतो की डाउनलोड थांबल्यातच जमा. रिलीज बिलाच्या महिन्याच्या अखेरीस येत असेल तर ॲपमध्ये शिल्लक बघून ठेवा.

आता लाइट. तुमच्या प्रश्नातला सगळ्यात महत्त्वाचा भाग हाच आहे. पीएस५ रेस्ट मोडमध्ये डाउनलोड करत असताना लाइट गेली आणि परत आली, तर तो आपोआप चालू होत नाही. पूर्ण बंद पडून राहतो. म्हणजे रात्री दीडला दोन मिनिटांसाठी लाइट गेली, तरी सकाळी कुणी बटण दाबेपर्यंत उरलेली सगळी रात्र वाया जाते. उतरलेला भाग बहुधा शाबूत असतो आणि डाउनलोड तिथूनच पुढे जातं, पण गेलेले तास परत येत नाहीत. शिवाय लिहिण्याच्या मधोमध लाइट गेली तर कन्सोल सुरू होताना स्टोरेज तपासत बसतो, आणि क्वचित डाउनलोड खराब झाल्याचा संदेश देतो.

त्यामुळे कन्सोल, राउटर आणि फायबरचा ओएनटी डबा (बाहेरून आलेली फायबर जिथे जोडतात तो) ही तिन्ही इन्व्हर्टरच्या लाइनवर हवीत. बहुतेक घरांत इन्व्हर्टरची लाइन पंखे आणि ट्यूबलाइटपुरतीच ओढलेली असते. टीव्हीच्या बोर्डाला ती आहे का ते मेन बंद करून पाहा. इन्व्हर्टरच्या मागे किंवा बाजूला यूपीएस मोडचं बटण असतं, ते यूपीएसवर ठेवा. साध्या मोडमध्ये बदलाला लागणारा क्षणभर वेळ पंख्याला कळत नाही, पण कन्सोलला तो पुरतो आणि तो बंद पडतो. खेळताना पीएस५ साधारण २०० वॅट घेतो, डाउनलोड करताना त्याहून बराच कमी, त्यामुळे घरगुती इन्व्हर्टरवर भार पडत नाही. इन्व्हर्टर नसेल तर निदान राउटर आणि ओएनटीसाठी १२ व्होल्टचा छोटा डीसी यूपीएस घ्या, अडॅप्टरवरचे व्होल्ट आणि अँपिअर जुळवून. त्याने कन्सोल वाचणार नाही, पण लाइट आल्यावर राउटर उठायची वाट बघावी लागत नाही.

घरात इन्व्हर्टर असूनही गावाची लाइट गेली की नेट जातं का, हेही आधी बघून ठेवा. मोठ्या कंपन्यांच्या फायबरमध्ये मधल्या खांबांवरच्या स्प्लिटरला वीज लागत नाही, त्यामुळे नेट चालू राहतं. काही स्थानिक जोडण्यांत मात्र गल्लीतल्या कुणाच्या तरी घरी स्विच बसवलेला असतो आणि त्याची लाइट गेली की सगळ्यांचं नेट जातं. तसं असेल तर केबलवाल्याला त्या दोन दिवसांपुरतं बॅकअपचं विचारा, विचारल्यावर करतात. महावितरणकडे मोबाइल नंबर नोंदवलेला असेल तर देखभालीसाठी वीज बंद राहणार असल्याचा एसएमएस आधी येतो. तो वार प्रीलोडच्या ४८ तासांत पडतोय का ते बघा. पावसाळ्यातल्या रिलीजला आणखी सावध राहा. साताऱ्याकडे, विशेषतः पाटण-महाबळेश्वरच्या बाजूला, जुलै-ऑगस्टमध्ये फांदी पडून फायबर तुटणं नेहमीचं आहे आणि जोडायला दिवस जातो. सांगलीत आयर्विन पुलाजवळ कृष्णा ४० फुटांच्या इशारा पातळीकडे चढत असेल तर गेमचा विचार नंतर. राउटर आणि कन्सोल आधी माळ्यावर ठेवा.

घरच्यांना सांगून ठेवा, हेही तांत्रिक सूचनेइतकंच महत्त्वाचं आहे. झोपण्याआधी सगळ्या बोर्डांची बटणं बंद करणारं एक माणूस प्रत्येक घरात असतं आणि ते बरोबरच करत असतं. बोर्डावर चिकटपट्टी लावून 'बंद करू नका' असं लिहा. नारिंगी दिवा म्हणजे कन्सोल रेस्ट मोडमध्ये आहे आणि काम चालू आहे, हे दाखवून ठेवा. कन्सोल शोकेसच्या बंद कप्प्यात असेल तर त्या दोन रात्री बाहेर काढा, भिंतीपासून १० सेंटिमीटरपेक्षा जास्त अंतरावर.

आता जतच्या मावसभावाकडे येतो. एक्सबॉक्स इथे जास्त मोकळा आहे. प्रीइन्स्टॉल करायला बऱ्याचदा गेम विकत घेतलेला असणंही लागत नाही. दुकानाच्या पानावरून किंवा मोबाइलच्या एक्सबॉक्स ॲपवरून आधी उतरवता येतो आणि परवाना नंतर, मग तो विकत घेऊन असो की गेम पास या वर्गणीवरून. फक्त एक बघा: फार आधी प्रीइन्स्टॉल केलं तर कधीकधी काही एमबीची नुसती जागा धरणारी फाइल येते आणि खरा माल रिलीजच्या जवळ येतो. गेमचा आकार तपासल्याशिवाय 'झालं' म्हणू नका.

सीरिज एसमध्ये ५१२ जीबी असते आणि वापरायला मिळते ती जेमतेम ३६४. मोबाइलच्या नेटवर एवढा गेम उतरवणं म्हणजे रोजचा डेटा कित्येक दिवस जाळणं. त्यापेक्षा यूएसबी ३.० ची, किमान १२८ जीबीची डिस्क घ्या. १२० जीबीच्या गेमला ५०० जीबीची बरी. ती सांगली-मिरजेत चांगलं फायबर आणि एक्सबॉक्स असलेल्या मित्राकडे न्या, तिथे गेम उतरवून डिस्कवर कॉपी करा आणि जतला आणून लावा. सीरिजचे गेम त्या डिस्कवरून चालत नाहीत, म्हणून आतल्या स्टोरेजवर कॉपी करा. मग परवान्यासाठी आणि छोट्या पॅचसाठी मोबाइलचं हॉटस्पॉट पुरतं. मित्राचा कन्सोल सीरिज एक्स असेल तर काही गेममध्ये त्याची फाइल मोठी आणि वेगळी असते, आणि सीरिज एस पुन्हा थोडा भाग मागतो. शक्यतो एसवरूनच एसवर न्या. दोन्ही कन्सोल एका घरात आणता आले तर डिस्कचीही गरज नाही, एका नेटवर्कवर असताना एकमेकांकडून थेट कॉपी होते. पॉवर ऑप्शन्समध्ये स्लीप ठेवा. एनर्जी सेव्हिंगवर ठेवलं तर वीज वाचते, पण फोनवरून कन्सोल उठवता येत नाही.

डिस्क म्हणजे सीडीवाला गेम घेणाऱ्यांसाठी एवढंच: पीएस५ वर त्याला प्रीलोड नाही. सांगलीच्या दुकानातून पहिल्या दिवशी डबा आणला तरी इन्स्टॉल आणि पॅचचा वेळ धरा. निन्टेन्डो स्विच या कन्सोलचं ऑनलाइन दुकान भारतासाठी नसल्याने अकाउंट दुसऱ्या देशाचं असतं. तिथे आधी घेतलं की बहुतेक गेम उतरून ठेवता येतो आणि रिलीजला छोटा अपडेट मागतो.

अकाउंट कोणत्या देशाचं आहे यावर कुलूप उघडण्याची वेळ ठरते, आणि 'रात्री बारा' हे गृहीत धरण्याआधी ती तपासा. भारतीय अकाउंट आणि 'स्थानिक मध्यरात्र' असेल तर आपले बारा. अमेरिकेचं अकाउंट असेल तर बहुधा न्यूयॉर्कची मध्यरात्र, म्हणजे आपली सकाळ: उन्हाळ्यात साडेनऊ, हिवाळ्यात साडेदहा. काही गेम जगभर एकाच क्षणी उघडतात. कॅलिफोर्नियाचे सकाळचे दहा म्हणजे आपले रात्रीचे साडेदहा किंवा साडेअकरा. गेमच्या टाइलवर उलटं घड्याळ दिसतं, तेच खरं मानायचं. एक्सबॉक्सचा प्रदेश न्यूझीलंड करून तिथल्या मध्यरात्री, म्हणजे आपल्या आदल्या संध्याकाळी साडेचार किंवा साडेपाचला, खेळायची युक्ती प्रसिद्ध आहे. ज्या गेमचं कुलूप जगभर एकाच क्षणी निघतं तिथे ती चालत नाही. प्रदेश बदललेला असताना भारतातल्या पैशांच्या व्यवहारात गोंधळ होऊ शकतो, तेव्हा सहा-सात तासांसाठी ते करू नये असं मला वाटतं.

रिलीजच्या दिवशी संध्याकाळी सहाच्या सुमारास कन्सोल पूर्ण चालू करा. टाइलवर जाऊन ऑप्शन्सचं बटण दाबा, चेक फॉर अपडेट निवडा. पहिला पॅच प्रीलोडमध्ये असतोच असं नाही, आणि रेस्ट मोडमध्ये कन्सोल तो लगेच शोधेलच असंही नाही. तो ५ जीबीचा असो की ३० चा, सहाला कळला तर बाराच्या आत बसतो. ४० एमबीपीएसवर ३० जीबीला दोन तास लागतात.

बारा वाजले आणि टाइलवर कुलूप तसंच असेल तर डाउनलोड पुसून पुन्हा करू नका. घाबरून लोक नेमकं हेच करतात. आधी गेम आणि कन्सोल बंद करून पुन्हा चालू करा. नाही उघडलं तर युझर्स अँड अकाउंट्समध्ये अदर, तिथे रिस्टोअर लायसन्सेस. मिनिटभर लागतं. घरचं नेटच गेलं असेल तर मोबाइलच्या हॉटस्पॉटवर कन्सोल जोडा, पण आधी ऑटो-डाउनलोड बंद करा, नाहीतर पॅच फोनच्या डेटावर उतरायला लागेल. परवाना आला की हॉटस्पॉट काढून टाका. तरीही नाही, तर कन्सोल पूर्ण बंद करून पॉवरचं बटण दुसरी बीप होईपर्यंत, सुमारे सात सेकंद, दाबून ठेवा. सेफ मोड उघडेल. कंट्रोलर केबलने जोडा आणि क्लिअर कॅश अँड रिबिल्ड डेटाबेस निवडा, त्यात दोन्ही करा. याने गेम किंवा सेव्ह जात नाहीत. त्या यादीत रिसेटचेही पर्याय असतात, त्यांना हात लावू नका. आणि एवढं करून गेम उघडला पण ऑनलाइन भागात शिरता येत नसेल, तर अडचण तुमच्या घरात नाही. पहिल्या तासात सर्व्हरवर रांग असते, तोवर एकट्याने खेळायची मोहीम सुरू करा.